तीस डॉलरांत दुप्पट रॅम

24 ऑगस्ट 1995 रोजी विंडोज 95 ही ऑपरेटिंग सिस्टीम विक्रीला आली, तेव्हा तिला किमान 4 मेगाबाइट रॅम, म्हणजे संगणकाची तात्पुरती कामाची मेमरी, लागेल असं सांगितलं गेलं. प्रत्यक्षात 8 मेगाबाइट असल्याशिवाय ती धड चालत नसे. त्या वेळी रॅमचा भाव मेगाबाइटमागे साधारण तीस डॉलर होता. नेमक्या त्याच सुमारास कॅलिफोर्नियातल्या सिंक्रोनिस कंपनीनं तीसेक डॉलरांत ‘सॉफ्टरॅम 95’ आणलं. दावा असा, की हे सॉफ्टवेअर टाकलं की रॅम दुप्पट होते! त्याच्या 6 लाखांहून अधिक प्रती खपल्या.

लोक भोळे होते म्हणून ते खपलं, असं मला वाटत नाही. कल्पना खरोखर चांगली होती. रॅम भरली की ऑपरेटिंग सिस्टीम सध्या न लागणारा मजकूर हार्ड डिस्कवरच्या स्वॅप फाइलमध्ये नेऊन ठेवते आणि लागला की परत आणते. त्या काळच्या रॅममधून माहिती मिळायला साठ-सत्तर नॅनोसेकंद लागत. डिस्कला दहा मिलिसेकंदांच्या आसपास. रॅमला एक सेकंद लागतो असं धरलं, तर डिस्कला दीड दिवसाहून जास्त लागेल. रॅम म्हणजे हाताशी असलेलं फडताळ, डिस्क म्हणजे माळ्यावरची ट्रंक. मग माळ्यावर चढण्यापेक्षा सामान घट्ट दाबून फडताळातच का ठेवू नये? मजकूर आकसून, म्हणजे कंप्रेस करून, रॅममध्येच ठेवायला प्रोसेसरला थोडे श्रम पडतात, पण डिस्कची खेप वाचते. मॅकिंटॉशसाठी 1994मध्ये आलेलं ‘रॅम डबलर’ हे तंत्र खरंच वापरत होतं.

सॉफ्टरॅम 95 मात्र काहीच आकसत नव्हतं. संगणकतज्ज्ञ मार्क रुसिनोविच आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ते उकलून पाहिलं, तेव्हा डेटा जसा आत जाई तसाच बाहेर येई, हे उघड झालं. पडद्यावर मात्र दुप्पट रॅमचा आकडा झळकत असे. 1996मध्ये अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशननं कंपनीला असे दावे करायला मनाई केली.

आकडा दाखवून समाधान करण्याची ही रीत पुढेही टिकली. ‘रॅम मोकळी करा’ म्हणणारे प्रोग्रॅम आधी स्वतःच भरपूर मेमरी मागतात. ती द्यायला सिस्टीम इतरांचं सामान डिस्कवर ढकलते. मग हे महाशय मागितलेली मेमरी सोडून देतात, आणि मोकळी रॅम भरघोस दिसू लागते. पुढच्याच क्लिकला ब्राउझर अडखळतो, कारण त्याचं सामान आता माळ्यावर असतं. रिकामी रॅम कुणाच्या उपयोगाची? रजिस्ट्री, म्हणजे विंडोजच्या सेटिंग्जची नोंदवही, साफ करणाऱ्या प्रोग्रॅमांचीही तीच गत: लाखो नोंदींतून काहीशे काढल्यानं शोधायचा वेळ जाणवेल इतका घटत नाही.

डिस्कवरचे फाइलींचे तुकडे ओळीनं लावणाऱ्या डीफ्रॅगमेंटरला मात्र मी या रांगेत बसवणार नाही. पडद्यावर त्याचे चौकोन एकेक करून रंग बदलताना मी तासन्‌तास पाहिले आहेत, आणि ते काम खरं होतं. एका फाइलचे तुकडे डिस्कवर विखुरले की वाचणाऱ्या हेडला प्रत्येक तुकड्यासाठी नव्या जागी जावं लागतं, शिवाय तबकडी फिरून तो तुकडा हेडखाली येईपर्यंत थांबावं लागतं. मिनिटाला 5,400 फेऱ्यांच्या डिस्कवर ही वाट सरासरी साडेपाच मिलिसेकंदांची. तुकडे ओळीनं लावले की ही धावपळ थांबते. चिपांवर माहिती साठवणाऱ्या एसएसडीत हेडही नाही, तबकडीही नाही. तिथे डीफ्रॅगनं फक्त लिहिण्याची मर्यादित क्षमता झिजते.

आणि ती आकसण्याची कल्पना? 2013मध्ये ॲपलनं ती मॅकच्या ऑपरेटिंग सिस्टीममध्येच घातली, 2015मध्ये विंडोज 10मध्येही ती आली. तुमच्याकडे विंडोज 10 किंवा 11 असेल, तर टास्क मॅनेजर उघडा, परफॉर्मन्समध्ये मेमरीवर जा. ‘इन यूज’च्या शेजारी कंसात जो ‘कंप्रेस्ड’ आकडा दिसतो, तो खरा असतो.