अर्धा युनिट वीज आणि केरीची घार

गोव्यात, पेडण्यातल्या केरीच्या कड्यावर दुपारी उभं राहिलात, तर एखादी घार पंख न हलवता जागच्या जागी तरंगताना दिसते. समुद्रावरून आलेला वारा कड्याला थटून वर वळतो. घार हवेतून खालीच घसरत असते. पण हवा तेवढ्याच वेगानं वर चाललेली असते.

म्हणून हलकं ग्लायडर, म्हणजे बिनमोटरचं विमान, जोखायचं ते उतरण्याच्या वेगावरून. अमेरिकी रचनाकार जिम मॉपिन यांचं, घरी बांधता येणारं ‘कार्बन ड्रॅगन’ १९८८ साली उडालं. पंख टोकापासून टोकापर्यंत १३.४ मीटर, रिकामं वजन फक्त ६६ किलो आणि उतरणं सेकंदाला जेमतेम अर्धा मीटर. अडचण एकच, सपाटीवरून वर न्यायला कुणीतरी ओढणारा हवा.

तिथं मोटर येते. वैमानिक, मोटर, बॅटरी धरून अशा विमानाचं वजन १७० किलो मानू. ते ५०० मीटर उचलायला लागणारी ऊर्जा पाव युनिटसुद्धा भरत नाही! हवेचा अडथळा आणि पंख्यातली गळती धरली, तरी अर्ध्या युनिटात काम होतं. एवढी वीज हजार वॉटची इस्त्री अर्ध्या तासात खाते. पाच-सहा मिनिटं साधारण सहा किलोवॅट दिले की झालं. मग मोटर बंद, पंख्याची पाती मिटलेली. ती उघडी राहिली तर सगळी कमाई वाऱ्यावर.

शांत हवेत असं विमान एक मीटर उतरताना सुमारे २५ मीटर पुढं सरकतं. म्हणजे पणजीवर ५०० मीटरवरून निघालं तर म्हापसा गाठेल. (कागदावर! दाबोळीला नौदलाचा तळ, मोपाला विमानतळ. परवानगीशिवाय कोण उडू देणार?)

बांधायला मात्र गोव्याची हवा खट. पावसाळ्यात इपॉक्सी (सांधे जोडायची राळ) वाळताना वर मेणचट थर धरते; तो पाण्यानं धुतल्याशिवाय पुढचा थर चिकटत नाही. सांध्यांची कामं डिसेंबर-जानेवारीतच उरकावीत.

आणि उडण्याआधी परीक्षा. उडताना हवा पंखाला वर ढकलते, म्हणून पंख उलटा करून लाकडी टेकूंवर ठेवायचा, वर वाळूच्या पिशव्या रचत जायचं. पंख सोडून बाकीच्या वजनाच्या चौपट भार सोसायचा म्हणजे दोन्ही पंखांवर मिळून पाच-सहाशे किलो वाळू. टोकं वाकत जातात, त्याला हरकत नाही. पण कुठं ‘कट्’ वाजलं, की पिशव्या उतरवायच्या आणि तो सांधा उघडून बघायचा.