आभाळ कोरडं, नदी गढूळ

ऑगस्टमध्ये कुकडी नदीवरची धरणं भरली आणि सांडव्यावरून पाणी सुटलं, की पारनेर तालुक्यातल्या निघोजला जाऊन उभं राहावं. आभाळात पांढऱ्या ढगांचे पुंजके नुसते पूर्वेकडे पळत असतात. शिवारातली बाजरी माना टाकून पावसाची वाट बघत असते. आणि नदीच्या पात्रात चहाच्या रंगाचं पाणी गर्जत चाललेलं असतं. ज्या गावात आठवडाभर साधा शिडकावा झालेला नाही, तिथली नदी काळ्या कातळाच्या चिरेतून फेसाळत उसळते. पहिल्यांदा आलेला माणूस हमखास विचारतो, "पाऊस नाही, मग एवढं पाणी आलं कुठून?"

मी भूगोल शिकवते. आमच्या पुस्तकांत हवा हा एक धडा, हवामान हा दुसरा आणि नदीचं कार्य हा तिसरा. तिसऱ्यापर्यंत पोचेस्तोवर मुलं वाऱ्यांचा धडा विसरलेली असतात. 'रांजणखळगे म्हणजे काय?' याचं उत्तर, नदीने कातळात कोरलेले रांजणासारखे खोल खड्डे, दोन ओळींत घोकून होतं, पण ते खळगे कोरणारं पाणी कुठून आलं, ते तिथेच का पडलं, हा प्रश्न कुणी विचारत नाही. निघोजच्या काठावर उभं राहिलं की हे तिन्ही धडे एकच आहेत हे डोळ्यांनी दिसतं. फक्त त्यासाठी आधी पश्चिमेला जावं लागतं, सरळ रेषेत सत्तर-पाऊणशे किलोमीटर, नाणेघाटात.

नाणेघाट ही सातवाहनांच्या काळातली व्यापारी वाट. लेण्यातला नागनिकेचा ब्राह्मी शिलालेख प्रसिद्ध आहे आणि घाटाच्या तोंडाशी दगडात कोरलेला एक रांजणही आहे. जकातीचा रांजण म्हणूनच तो ओळखला जातो. याच परिसरात, कुकडेश्वराच्या देवळाजवळ, कुकडीचा उगम मानतात. उगमापाशी माणसाने कोरलेला रांजण असलेली ही नदी पुढे निघोजला स्वतः रांजण कोरते. हा योगायोग मला फार आवडतो, म्हणून सांगितला.

पावसाळ्यात नाणेघाटात लोक येतात ते उलटा धबधबा बघायला. कड्यावरून कोकणाकडे झेपावणारी पाण्याची धार दहा-पंधरा हात खाली जाते न जाते, तोच वारा तिला पकडतो आणि उचलून परत वर फेकतो. कड्याच्या टोकाशी उभं राहिलात तर पाऊस खालून वर येतो. रेनकोटच्या आतून भिजायला होतं. आता या कड्याची टोकाची रेघ म्हणजेच पाणलोटाची रेघ. पश्चिमेला पडलेला थेंब उल्हासच्या खोऱ्यातून अरबी समुद्राला मिळणार, पूर्वेला पडलेला कुकडीतून घोड, घोडेतून भीमा, भीमेतून कृष्णा असा प्रवास करत बंगालच्या उपसागराला. वाऱ्याने वर फेकलेल्या तुषारांपैकी काहींचा समुद्रच बदलून जातो.

पण उलटा धबधबा ही नुसती गंमत नाही. एरवी न दिसणारी गोष्ट तो दाखवतो. अरबी समुद्रावरून आलेला नैऋत्य वारा कोकणातून सपाट येतो आणि सह्याद्रीच्या भिंतीला धडकतो. पुढे जायला जागा नाही, म्हणून वर चढतो. हवा वर गेली की तिच्यावरचा दाब कमी होतो, ती पसरते आणि पसरताना थंड होते. दर किलोमीटरला साधारण दहा अंश, या हिशेबाने. जुलैमधली कोकणातली हवा आधीच वाफेने जवळजवळ तुडुंब असते. २७ अंश तापमानाच्या एक घनमीटर हवेत साधारण २६ ग्रॅम वाफ मावते, २० अंशांच्या हवेत १७ ग्रॅमच. मग उरलेल्या वाफेने करायचं काय? तिचं पाणी होतं. त्यामुळे चढायला लागल्यावर चार-पाचशे मीटरांतच ढगाचा तळ लागतो, आणि घाटमाथा तर त्याहून उंच. जुलैमध्ये घाटमाथ्यावरची गावं धुक्यात बुडालेली असतात असं आपण म्हणतो, पण ते धुकं म्हणजे प्रत्यक्ष ढगच. ते लोक ढगात राहतात, ढगात चिखलणी करतात, ढगात भात लावतात.

घाटावरचे हे ढग वळवाच्या ढगांसारखे उंच नसतात. गारा नाहीत, फारसा कडकडाट नाही. ठेंगणे ढग, पण खालून वाफेचा पुरवठा कधीच थांबत नाही, म्हणून दिवसेंदिवस पाऊस कोसळतो. या ढगांच्या आत काय चालतं हे तपासण्यासाठी पुण्याच्या उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेने २०१२ मध्ये महाबळेश्वरला खास प्रयोगशाळा उभी केली. ढग स्वतःहून खिडकीशी येतो अशी ती जागा आहे.

आता थोडं गणित करू. पावसाचा थेंब दोन किलोमीटर उंचीवरून सेकंदाला पाच मीटर वेगाने पडतोय असं धरा. जमिनीवर यायला त्याला चारशे सेकंद लागतील. तेवढ्या वेळात सेकंदाला पंधरा मीटर वेगाचा वारा त्याला सहा किलोमीटर पूर्वेला घेऊन जाईल. म्हणजे कड्यासमोर तयार झालेला थेंब कड्याच्या मागे पडतो. कुकडी, मीना, घोड, भीमा या पूर्वेला वाहणाऱ्या नद्यांचं पावसाळ्यातलं बळ या ओढून आणलेल्या पावसात आहे. वारा मंद असता तर हा पाऊस कोकणातच पडला असता आणि आपल्या नद्या उगमापाशीच रोडावल्या असत्या.

त्या पट्ट्याच्या पलीकडे मात्र पाऊस झपाट्याने विरतो. महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरांहून जास्त, पाचगणीला त्याच्या साधारण एक तृतीयांश आणि वाईला हजाराच्याही आत. हे सगळं एका एसटीच्या तिकिटात. कुकडीच्या वाटेवरही तेच. घाटघरला भात, जुन्नरच्या पुढे बाजरी आणि आता ऊस-द्राक्षं, पारनेर तालुक्यात पोचलं की पाचशे-साडेपाचशे मिलिमीटरांवर भागवणारं माळरान. पुस्तकात याचं कारण दिलेलं असतं: डोंगर ओलांडून हवा खाली उतरते, तापते, कोरडी होते. खरं आहे, पण सह्याद्रीच्या बाबतीत ते अर्धंच. कोकणातून वर चढलेली हवा पलीकडे तेवढी खाली उतरतच नाही, कारण पलीकडे पठार आहे, सहाशे-सातशे मीटर उंचीचं. उतरण थोडी, तापणंही थोडं. खरं दुखणं दुसरं आहे. वाफेचा मोठा हिस्सा घाटावर सांडून गेलेला असतो आणि उरलेल्या वाफेला वर ढकलणारं पुढे काहीच नसतं. ढग असतात, पण ते नुसते जातात. म्हणून पारनेर-शिरूरकडचा शेतकरी जुलैच्या ढगांवर विश्वास ठेवत नाही. त्याचा खरा भरवसा सप्टेंबरवर. तेव्हा पश्चिमेचा वारा ढिला पडतो, दुपारी जमीन तापते आणि गडगडाट करत उंच ढग जागच्या जागी उभे राहतात. हस्ताचा पाऊस तो हाच.

सरासरीच्या या आकड्यांना आपण हवामान म्हणतो. नदी मात्र सरासरीवर चालत नाही. घाटावर एका दिवसात शंभर मिलिमीटर पडणं आणि तोच पाऊस दहा दिवसांत रिमझिम पडणं, यांत हवामानाच्या तक्त्याला फरक दिसत नाही, पण नदीच्या लेखी दोन्हींत जमीन-अस्मानाचा फरक आहे. तो मोठा दिवस कधी येतो? बहुधा बंगालच्या उपसागरात कमी दाबाचा पट्टा तयार होऊन तो ओडिशाकडून आत सरकतो तेव्हा. हजार-बाराशे किलोमीटर दूरचं ते चक्र पश्चिमेचा वारा जोराने ओढून घेतं, आणि नाणेघाटाच्या कड्यावर आदळणाऱ्या हवेचा जोर वाढतो. म्हणजे उपसागर आधी खेच लावतो, अरबी समुद्राचं पाणी सह्याद्रीवर पाडून घेतो, आणि मग कुकडी ते पाणी वाहून त्याच उपसागराकडे नेते.

जुन्नर तालुक्यातली खोरी 'नेर' नावाने ओळखली जातात. मीनेचं मिन्नेर, कुकडीचं कुकडनेर. कुकडनेरातून माणिकडोह आणि येडगावची धरणं ओलांडून नदी निघोजला येते. इथे पलीकडचं टाकळी हाजी पुणे जिल्ह्यात, अलीकडचं निघोज अहिल्यानगर जिल्ह्यात, आणि मध्ये मळगंगेच्या देवळापाशी हे रांजणखळग्यांचं कुंड. ऐसपैस पसरलेलं पात्र इथे कठीण काळ्या बेसॉल्टच्या अरुंद चिरेत शिरतं. तेवढंच पाणी अरुंद जागेतून जायचं तर त्याला धावावंच लागतं. वेग वाढला की पाण्याची ताकद किती वाढते, याचा एक जुना नियम आहे: वेग दुप्पट झाला तर पाणी चौसष्टपट वजनाचा दगड हलवू शकतं. एरवी मूठभर गोटा ढकलणारी नदी पुरात पाट्याएवढा धोंडा गडगडत नेते. वर्षातले तीनशे साठ दिवस कुकडी निघोजच्या कातळाला फारसं काही करत नाही. जे काही होतं ते उरलेल्या चार-पाच दिवसांत.

एप्रिल-मे महिन्यात पात्रात उतरा आणि एखाद्या कोरड्या रांजणात वाकून बघा. तोंड हातभर रुंद, पोट त्याहून मोठं, अगदी कुंभाराच्या चाकावरून उतरल्यासारखं. आतल्या भिंतीवरून तळवा फिरवला तर ती काचेसारखी गुळगुळीत लागते, पण नीट चाचपलं तर बोटांना आडव्या, किंचित तिरप्या पन्हाळी जाणवतात. मळसूत्राच्या आट्यांसारख्या. पाणी कुठल्या दिशेने फिरत होतं त्याची ती खूण. आणि तळाशी असतात पाच-सात गोटे. हातात घेतले की कळतं, एकालाही कोपरा नाही. हाच नदीचा वरवंटा.

सुरुवात अगदी क्षुल्लक असते. हा कातळ साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या आसपासच्या लाव्ह्याचा. लाव्हा थिजताना त्यात वायूचे बुडबुडे अडकले, थिजून आकसताना चिरा पडल्या. अशा एखाद्या बुडबुड्याच्या खोबणीवरून किंवा चिरांच्या चौकावरून वेगाचं पाणी गेलं की तिथे छोटा भोवरा तयार होतो. भोवऱ्यात वाळू फिरते, खोबण वाटीएवढी होते. वाटीत खडा अडकतो. आता तो बाहेर पडू शकत नाही आणि स्वस्थही बसू शकत नाही. ताकाच्या डेऱ्यात रवी फिरावी तसा गरगरत तो बूड आणि बाजू घासत राहतो. घासता घासता स्वतः झिजून संपतो, तोवर पुढच्या पुरातून दुसरा आलेला असतो. खळगा फार खोल झाला, किंवा त्यात फार गोटे साठले, की पाण्याचा जोर तळापर्यंत पोचत नाही. मग तळाचे गोटे निश्चल पडून राहतात आणि उलट बुडाचं रक्षण करतात. हत्यार कमी असलं तरी काम होत नाही, आणि जास्त झालं तरी होत नाही.

शेजारशेजारचे दोन रांजण फुगत गेले की मधली भिंत पातळ होते, एक दिवस फुटते. दोनाचे चार, चारांची घळ. निघोजला दिसणारे कमानीसारखे, पात्यासारखे उभे कातळ म्हणजे अशा फुटलेल्या रांजणांच्या उरलेल्या भिंती आहेत. नदी आपलं पात्र खोल करते ते असं, एकेक रांजण जोडत.

याला लाखो वर्षं लागतात असं आपण सर्रास सांगतो. मीही सांगायचे. मोठ्या घळीला लागत असतीलही. पण इंद्रायणीच्या पात्रात विश्वास काळे आणि वीणा जोशी या पुण्याच्या भूगोलतज्ज्ञांनी २००४ मध्ये दाखवून दिलं की बेसॉल्टमध्ये खळगे माणसाच्या आयुष्याच्या मापातही तयार होऊ शकतात. हे वाचल्यापासून मी वर्गात 'लाखो वर्षं' हे शब्द जपून वापरते. आजीने पाहिलेला कातळ आणि नातीने पाहिलेला कातळ अगदी तोच असेल असं नाही.

मुलं सहलीला आली की पहिला नियम मी पात्रात उतरण्याआधीच सांगते: पाणी भरलेल्या रांजणाच्या काठावर जायचं नाही. वरून तो डबक्यासारखा दिसतो, खोली कळत नाही, आणि आतली भिंत गुळगुळीत असल्याने पडलेल्या माणसाच्या हाताला पकडायला काही लागत नाही. ज्या गुणामुळे तो सुंदर आहे त्याच गुणामुळे तो जीवघेणा आहे. त्यामुळे दिवाळीच्या आधी तर नकोच.

वर धरणं झाल्यापासून कुकडीचं हे काम नक्कीच मंदावलं असणार. सुरुवातीचे लोंढे माणिकडोह आणि येडगाव पोटात घेतात, जे बाहेर येतं ते दरवाजांच्या हिशेबाने. पाण्याबरोबर येणारे वरचे गोटेही जलाशयाच्या तळाशीच राहतात. त्या पाण्यावर किती शिवारं भिजतात हे मी रोज बघते, त्यामुळे तक्रार नाही. एवढंच, की निघोजच्या रांजणांत आज जे गोटे आहेत, त्यांच्यासाठी बदली सहजासहजी येणार नाही. मुलं ते गुळगुळीत गोटे खिशात घालतात, घरी न्यायला. मी त्यांना ते परत आत टाकायला लावते. येडगावचे दरवाजे उघडले की ते लागणार असतात.