अवमान याचिका कुठवर जाते?

नागपूर खंडपीठातून सेवाज्येष्ठतेचा, पेन्शनचा किंवा भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्याचा आदेश पदरात पडतो, खाते त्यावर महिनोन्महिने बसून राहते आणि पक्षकार वकिलाला म्हणतो, ‘साहेब, कंटेम्प्ट (अवमान याचिका) टाकून द्या.’ कंटेम्प्ट टाकला की अधिकारी धावत येतो, हा समज पुरता खोटा नाही. पण या अधिकाराला शंभर वर्षांत एकेक कुंपण पडत गेले आहे, आणि त्यात नागपूर हायकोर्टाचे मुख्य न्यायमूर्ती राहून पुढे दिल्लीला, सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या दोघांचाही हात आहे.

मुळात हा अधिकार इंग्लंडातल्या न्यायालयांनी आपणहून वापरायला घेतलेला. इथल्या हायकोर्टांनी तो तसाच उचलला. १९०८ मध्ये टिळकांच्या खटल्यावर लिहिल्याबद्दल ‘मराठा’चे संपादक न. चिं. केळकर यांना मुंबई हायकोर्टाने तुरुंगात धाडले. १९२० मध्ये अहमदाबादच्या जिल्हा न्यायाधीशांचे पत्र ‘यंग इंडिया’त छापणारे गांधीजी त्याच कोर्टातून समज घेऊन सुटले. किती शिक्षा द्यायची हे न्यायमूर्तींच्या मर्जीवर होते. १९२६ च्या कायद्याने पहिल्यांदा आकडा घातला: सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, २,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. पुढे १९५२ चा कायदा आला, १९७१ चा आला, आकडे मात्र जागचे हलले नाहीत. दंडाची जरब केव्हाच गेली. अधिकाऱ्याला धास्ती असते ती जातीने हजर राहण्याच्या हुकमाची.

सर बिपिन कृष्ण बोस यांचे नातू व्हिव्हियन बोस नागपूर हायकोर्टाचे मुख्य न्यायमूर्ती होते आणि १९५१ मध्ये सर्वोच्च न्यायालयात गेले. पेप्सू (पतियाळा आणि पूर्व पंजाबातल्या संस्थानांचे तेव्हाचे राज्य) हायकोर्टापुढचे आपले अवमान प्रकरण दुसरीकडे वर्ग करा, अशी सुखदेव सिंग सोढी यांची मागणी त्यांच्यापुढे आली. अवमानाचा अधिकार हायकोर्टाच्या अंगचाच आहे म्हणून त्यांनी ती फेटाळली. पण जाता जाता हेही लिहिले, की ज्या न्यायाधीशावर व्यक्तिशः टीका झाली, त्याने ते प्रकरण शक्यतो स्वतः ऐकू नये. माझ्या मते त्या निकालातली टिकाऊ गोष्ट हीच.

दुसरे हिदायतुल्ला. मॉरिस कॉलेजचे विद्यार्थी, नागपूरचे मुख्य न्यायमूर्ती, पुढे देशाचे सरन्यायाधीश. न्यायव्यवस्था वर्गीय पूर्वग्रहाने चालते, असे बोलल्याबद्दल केरळ हायकोर्टाने कम्युनिस्ट नेते ई. एम. एस. नंबुद्रीपाद यांना १,००० रुपये दंड केला होता. १९७० मध्ये हिदायतुल्लांनी दोष कायम ठेवला आणि दंड ५० रुपयांवर आणला.

अवमानाच्या कायद्याचा फेरविचार करायला नेमलेल्या संन्याल समितीच्या अहवालानंतर झालेल्या १९७१ च्या कायद्याने दिवाणी अवमान आणि फौजदारी अवमान (कोर्टाची बदनामी किंवा न्यायदानात अडथळा) वेगळे केले. खासगी व्यक्तीला फौजदारी अवमानासाठी महाधिवक्त्यांची (राज्य सरकारच्या सर्वोच्च कायदा अधिकाऱ्यांची) संमती लागू लागली. शिक्षेविरुद्ध अपिलाचा हक्क मिळाला. सत्य हा बचाव मात्र २००६ च्या दुरुस्तीपर्यंत कायद्यात नव्हता! डिसेंबर २०१५ मध्ये माओवाद्यांशी संबंधांच्या आरोपावरून पकडलेले प्रा. साईबाबा यांचा जामीन फेटाळताना नागपूर खंडपीठाने अरुंधती रॉय यांना एका लेखाबद्दल फौजदारी अवमानाची नोटीस काढली आणि ती देशभर गाजली. सामान्य पक्षकाराचा संबंध येतो तो दिवाणी अवमानाशी, म्हणजे न पाळलेल्या आदेशाशी.

तिथली खरी वेस १९९६ च्या ‘जे. एस. परिहार’ निकालाने आखली. राजस्थानात कोर्टाच्या आदेशानुसार सरकारने ज्येष्ठता यादी केली. ती चुकीची म्हणून अवमान याचिकेतच नवी यादी करायला सांगितले गेले. सर्वोच्च न्यायालय म्हणाले, असे करता येणार नाही. यादी बरोबर असो की चूक, तिच्यावर स्वतंत्र दाद मागा. अवमानासाठी आदेश जाणूनबुजून मोडलेला असावा लागतो, आणि मूळ आदेशात नाही ते अवमानाच्या वाटेने पदरात पाडून घेता येत नाही.

याचा व्यवहारात अर्थ असा. ‘निवेदनावर आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा’ एवढाच आदेश असेल, तर खाते सातव्या आठवड्यात निवेदन फेटाळून मोकळे होते. पालन झाले, अवमान संपला. पक्षकार नव्या रिट याचिकेच्या दारात. ‘थकबाकी अमुक तारखेपर्यंत द्यावी’ असे लिहिलेले असले, तर सरकारी वकिलाला पळवाट उरत नाही. म्हणून लढाई मूळ याचिकेच्या शेवटच्या परिच्छेदातच करावी लागते.

शिवाय अवमानासाठी १९७१ च्या कायद्यातल्या कलम २० ची एका वर्षाची मुदत आहे. ‘पल्लव शेठ’ प्रकरणात २००१ मध्ये ठरले, की अर्ज वर्षाच्या आत दाखल झाला की पुरे, नंतर कोर्टाने वेळ घेतला तरी तो बाद होत नाही. मात्र खात्याला स्मरणपत्रे पाठवत बसल्याने ती मुदत लांबत नाही.