पॉपकॉर्न, मायक्रोवेव्ह आणि फुप्फुसं

‘मायक्रोवेव्हचे पॉपकॉर्न खाल्ले की किरणांमुळे फुप्फुसं निकामी होतात’, हा फॉरवर्ड नाशिकमधल्या सोसायट्यांच्या ग्रुपवर अधूनमधून फिरत असतो. त्यातला आजार खरा आहे, म्हणूनच तो पटतो.

२००० साली अमेरिकेतल्या मिसूरीमध्ये, पॉपकॉर्नच्या एका कारखान्यात काम केलेल्या काही जणांच्या फुप्फुसांतल्या बारीक श्वासनलिका कायमच्या आक्रसलेल्या आढळल्या. संशयाची सुई वळली ती लोण्याच्या कृत्रिम स्वादातल्या डायअसिटिलकडे. गरम तेलात तो स्वाद मिसळताना उठणारी वाफ हे कामगार तासन्‌तास हुंगत होते. मायक्रोवेव्हच्या किरणांचा इथे संबंध नाही. ओव्हन बंद झाला की त्या लहरी थांबतात, पदार्थात साठून राहत नाहीत.

डायअसिटिल साध्या लोण्यातही नैसर्गिकरीत्या, अगदी थोडं असतं. ते पोटात जाणं वेगळं आणि दाट वाफ रोज छातीत भरणं वेगळं. ग्राहकाचं गाजलेलं उदाहरण २००७ मधलं, तेही वर्षानुवर्षं रोज दोन-तीन पाकिटं फोडून वाफ हुंगणाऱ्याचं. त्याच सुमारास अमेरिकेतल्या मोठ्या उत्पादकांनी डायअसिटिल काढायला सुरुवात केली. (त्याऐवजी आलेले काही स्वादही हुंगायला निर्धोक नाहीत, हे मात्र फॉरवर्डमध्ये कधी येत नाही.)

पाकीट उलटून घटक वाचा. नुसता मका, तेल, मीठ असेल तर हा प्रश्नच नाही. कुकरमध्ये घरी फोडलेल्या लाह्यांचंही तेच. ‘स्वाद मिसळलेला’ असं लिहिलं असेल, तर पिशवी तोंडाजवळ न धरता उघडा आणि वाफ जाऊ द्या.