रोजंदारी ते कायम: मुंबईतल्या एका जुन्या भांडणाची पार्श्वभूमी

'आम्हाला कायम करा' ही मागणी मुंबईत आधी गिरणीच्या फाटकावर ऐकू आली. कोणी खाडा केला तर त्याच्या जागी बदली घ्यायचा, आणि कुणाला घ्यायचं ते जॉबर, म्हणजे कामगार भरणारा मुकादम, ठरवायचा. 1935 मध्ये गिरणीमालकांनी बदली कामगारांना कार्डं देऊन त्यात थोडी शिस्त आणली, पण कार्ड म्हणजे काम नव्हे. रोज सकाळी हजर राहायचं, जागा नसेल तर घरी परतायचं. 18 जानेवारी 1982 ला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुरू झालेल्या संपात पगारवाढीबरोबर बदली कामगारांना कायम करण्याचीही मागणी होती. संप बुडाला आणि पुढे गिरण्याही गेल्या.

कायदा मात्र तोवर तयार होता. '240 दिवस भरले की कायम' हे वाक्य नाक्यानाक्यावर ऐकू येतं, पण ते अर्धंच खरं आहे. औद्योगिक विवाद कायद्यातल्या 240 दिवसांमुळे कामावरून कमी करताना नोटीस आणि भरपाई मिळत असे, कायमपण नाही. बदली किंवा तात्पुरत्या कामगाराला 240 दिवसांनंतर कायम करण्याची तरतूद 1959 च्या मुंबई नियमांतल्या आदर्श स्थायी आदेशांत, म्हणजे नोकरीच्या अटींच्या सरकारी नमुन्यात, होती. म्हणून तर 240 भरत आले की 'ब्रेक' देण्याची चाल रूढ झाली. आठवडा-पंधरा दिवस घरी बसवायचं, मग तोच माणूस नव्याने मस्टरवर.

या चालीवरचं महाराष्ट्राचं उत्तर म्हणजे 1971 चा अनुचित कामगार प्रथा प्रतिबंधाचा कायदा. कायमपणाचे लाभ नाकारण्याच्या हेतूने एखाद्याला वर्षानुवर्षं बदली, नैमित्तिक किंवा तात्पुरता ठेवणं ही त्याच्या चौथ्या अनुसूचीतल्या सहाव्या बाबीनुसार अनुचित प्रथा ठरते. 'हेतू' सिद्ध कसा करायचा, यावर वकिलांची पिढी पोसली गेली असावी. पुण्याकडच्या वनखात्यातल्या रोजंदारी मजुरांच्या खटल्यात 1996 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की, माणसाला वर्षानुवर्षं तसंच ठेवलं तर हेतूचा अंदाज त्यावरूनच बांधता येतो.

मग 10 एप्रिल 2006 चा सर्वोच्च न्यायालयाचा उमादेवी निकाल आला. भरतीची रीत डावलून सरकारी नोकरीत शिरलेल्यांना न्यायालयाने कायम करू नये, असं पाच न्यायमूर्तींचं म्हणणं होतं. प्रत्येक सरकारी आस्थापना ती ढाल पुढे करू लागली. एसटीच्या गाड्या धुणाऱ्या सफाई कामगारांच्या प्रकरणात 2009 साली न्यायालयाने खुलासा केला की 1971 च्या कायद्याखालचे औद्योगिक न्यायालयाचे अधिकार उमादेवीने काढून घेतलेले नाहीत. मात्र पदं मंजूर असायला हवीत, ती न्यायालय निर्माण करू शकत नाही. महाराष्ट्रातला रोजंदार त्यामुळे इतर राज्यांतल्या रोजंदारापेक्षा जरा बऱ्या अवस्थेत आहे, असं माझं मत.

पण ही वाट थेट मालकाच्या मस्टरवर असलेल्यांची. मध्ये कंत्राटदार आला की ती बंद. 2001 मध्ये सिप्ला या औषध कंपनीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयात ठरलं की मालक-कामगार नातंच वादात असेल तर 1971 च्या कायद्याखाली तक्रार चालत नाही. आधी औद्योगिक न्यायाधिकरणाकडून 'कंत्राट हा देखावा आहे' हे ठरवून घ्यायचं. मुंबई महापालिकेच्या कचरा गाड्यांवरचे कामगार त्याच लांबच्या रस्त्याने गेले. कचरा वाहतूक श्रमिक संघाने 2,700 जणांसाठी 2007 मध्ये दावा नेला. 2014 मध्ये न्यायाधिकरणाने त्यांना कायम करायला सांगितलं, आणि 7 एप्रिल 2017 ला सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश उचलून धरला. एवढं होऊनही अनेकांची नावं यादीत एक आणि ओळखपत्रावर दुसरी निघाली, आणि स्पेलिंगच्या फरकापायी कायमची ऑर्डर अडली. ज्याला वर्षानुवर्षं रोज कचरा उचलताना सगळे ओळखत होते, त्याला तो तोच आहे हे सिद्ध करायला लावणं, याला काय म्हणावं!

इथे एक आकडा लक्षात ठेवावा. 1970 चा कंत्राटी कामगार कायदा 20 किंवा अधिक कामगार असतील तिथेच लागू होत असे, म्हणून कामाची तुकडी वीसच्या आत ठेवण्याची सोय होती. महापालिकेच्या वस्ती स्वच्छतेच्या योजनेत तर कामगाराला 'स्वयंसेवक' आणि पगाराला 'मानधन' म्हटलं की भागतं. 21 नोव्हेंबर 2025 पासून लागू झालेल्या नव्या कामगार संहितेत वीसच्या जागी 50 हा आकडा आहे.