'थेरियम' म्हणजे नुसतं जनावर

शिवालिक टेकड्यांत सापडलेल्या हाडांविषयी मराठीत काही छापून आलं की त्यात 'शिवाथेरियम' हा शब्द असतोच; जिराफाच्या कुळातल्या एका नामशेष प्राण्याचं ते नाव. वाचणाऱ्याची समजूत होते की 'थेरियम' म्हणजे काहीतरी अवाढव्य, किंवा 'नामशेष' असा त्याचा अर्थ असावा, किंवा जिराफाच्या खानदानाचं ते आडनाव असावं. खरं तर या शब्दात यातलं काहीच नाही. ग्रीक 'थेरिऑन' म्हणजे रानातलं जनावर, श्वापद. त्याला लॅटिन वळण दिलं की होतं 'थेरियम'. जनावर लहान की मोठं, गवत खाणारं की मांस खाणारं, कोणत्या कुळातलं, हे तो शब्द सांगत नाही.

लॅटिनमध्ये हा शब्द नपुंसकलिंगी आहे, म्हणून मागून येणारं विशेषणही तसंच लागतं: शिवाथेरियम गिगँटियम, 'गिगँटियस' नव्हे. आपण 'ते जनावर' म्हणतो तसंच. याच थेरिऑनपासून ग्रीकांनी विषारी जनावराच्या दंशावरच्या उताऱ्याला 'थेरियाके' नाव दिलं होतं. ते अरबीत 'तिर्याक' झालं आणि युनानी हकिमांच्या औषधांत येऊन बसलं. म्हणजे हिमालयाच्या पायथ्याला 'थेरियम' पोचण्याच्या कितीतरी आधी त्याच घरातला एक शब्द हकिमाच्या फडताळात होता.

नामशेष सस्तन प्राण्यांना ही शेपटी लावायचा प्रघात पाडला तो पॅरिसचा प्राणिशास्त्रज्ञ जॉर्ज क्युव्हिए याने. 1787 मध्ये अर्जेंटिनातल्या लुहान नदीच्या काठी एक प्रचंड सांगाडा सापडला आणि तो माद्रिदला रवाना झाला. असं जनावर जिवंत मिळालं तर पाठवा, लहान असलं तरी चालेल, असा निरोप स्पेनच्या दरबारातून उलट गेला होता. त्या दरबाराला दोष देण्यात अर्थ नाही. एखादी जात पृथ्वीवरून पार पुसली जाते ही कल्पनाच तेव्हा रुळलेली नव्हती. माद्रिदमध्ये हुआन बाउतिस्ता ब्रू याने सांगाडा उभा केला आणि त्याची चित्रं काढली. क्युव्हिएने मूळ हाडं पाहिलीच नव्हती. या चित्रांवरून त्याने 1796 मध्ये निकाल दिला की हा प्राणी स्लॉथचा, म्हणजे झाडाला लटकून राहणाऱ्या संथ प्राण्याचा, भाऊबंद आहे. नाव ठेवलं मेगाथेरियम, मोठं जनावर. पुढे पॅरिसजवळच्या माँमार्त्र टेकडीतल्या जिप्समच्या खाणींतून निघालेल्या हाडांना त्याने 1804 मध्ये पॅलिओथेरियम म्हणजे 'जुनं जनावर' आणि अ‍ॅनॉप्लोथेरियम म्हणजे 'निःशस्त्र जनावर' अशी नावं दिली. निःशस्त्र अशासाठी, की त्याचे सुळे बाकीच्या दातांहून लांब नव्हते. क्युव्हिएची नावं अशी कोरडी, मोजूनमापून ठेवलेली. देव, देश, दंतकथा यांना त्यांत जागा नव्हती.

ती जागा झाली हिंदुस्थानात.

ह्यू फाल्कनर हा सहारनपूरच्या सरकारी वनस्पती उद्यानाचा प्रमुख होता आणि प्रोबी कॉटली कालव्यांवरचा इंजिनिअर. हाच कॉटली पुढे गंगेच्या कालव्यामुळे नावाजला. वर शिवालिकच्या टेकड्या आणि खाली कालव्याची कामं, असा दोघांचा मुलूख. फाल्कनरला फारसी तवारिखांत एक धागा मिळाला होता. 1360 च्या सुमारास फिरोजशाह तुघलकाच्या माणसांनी कालव्यासाठी टेकडी खणली तेव्हा हत्तींची आणि 'राक्षसांची' हाडं निघाली, त्यातली काही दगड झालेली होती, असं इतिहासकार फरिश्ताने लिहून ठेवलं आहे. हिमालयाकडचे लोक अशा दगडी हाडांना 'बिजली की हाड' म्हणत. 1834 मध्ये नाहनच्या राजाकडून एक दगडी दात हाती आला आणि शोधाला दिशा मिळाली. नेमकी जागा गाठल्यावर फाल्कनरने पहिल्या सहा तासांत तीनशेच्या वर नमुने गोळा केले.

ताडून बघायला जवळ संग्रहालय नव्हतं. मग आसपासच्या जंगलातले वाघ, रानरेडे, हरणं मारून त्यांचे सांगाडे साफ करायचे आणि दगडी हाडाशेजारी ठेवून बघायचं, अशी त्यांची पद्धत. आज वाचताना अंगावर येतं, पण त्या दोघांना ग्रंथाची पानं उलटावीत तितकं ते साधं वाटत असणार.

शिवाथेरियमची कवटी मार्कंडा नदीजवळच्या एका दरीत मिळाली. ओढ्यातला नुसता एक गोटा होता तो. कवटीभोवती दगडाचं कवच इतकं घट्ट बसलेलं, की वर्षानुवर्षं पाण्यात झिजूनही आतलं बहुतेक सगळं शाबूत राहिलं. कुणीही ओलांडून पुढे गेलं असतं, पण एका कडेला दातांची रांग किंचित वर आलेली दिसली. बऱ्याच मेहनतीने दगड सोलून काढल्यावर आतून भलंमोठं डोकं निघालं. दोन डोळ्यांच्या खोबण्यांमध्ये शिंगांची जोडी, आणि तीही फक्त टोकांशी तुटलेली. नाकाची हाडं अशी उचललेली होती, की या रवंथ करणाऱ्या प्राण्याला सोंडही असावी असं दोघांना वाटलं. त्यामुळे जुन्या चित्रांत हा प्राणी हत्ती आणि सांबराच्या मधलं काहीतरी दिसतो. तो जिराफाच्या कुळातला, हे आता पक्कं आहे. मान आखूड, अंगाने दणकट. डोळ्यांवर दोन छोटी शिंगं, मागे दोन रुंद, पसरट. वजन सव्वा टनाच्या आसपास, असा अलीकडचा अंदाज.

1836 मध्ये 'एशियाटिक रिसर्चेस'मध्ये या प्राण्याचं वर्णन छापलं तेव्हा नाव असंच का, हेही दोघांनी सांगितलं. हिमालय हे शिवाचं घर आणि या टेकड्या म्हणजे त्या घराच्या छपराची कड, आपल्या भाषेत वळचण. म्हणून 'शिव-आला', त्यावरून शिवालिक, आणि त्या टेकड्यांच्या सन्मानार्थ शिवाथेरियम. डेहराच्या (देहरादूनच्या) महंतांनी सांगितलेली दुसरी व्युत्पत्तीही त्यांनी तळटीपेत नोंदवली: यमुना आणि गंगेमधला हा पट्टा शिवाचा आणि त्याच्या मुलाचा, गणेशाचा. त्यातला पश्चिमेचा भाग गणेश हत्तीच्या रूपाने राखतो, पूर्वेचा शिवाकडे. हत्तीच्या ताब्यातल्या डोंगरातून हत्तीचीच हाडं निघावीत, हा योगायोग त्या महंतांच्या कानावर गेला होता की नाही कोण जाणे.

गंमत म्हणजे 'शिवालिक' हे नाव शिवावरून आलं असेलच असं नाही. 'सपादलक्ष', म्हणजे सव्वा लाख, हे एका मोठ्या प्रदेशाचं जुनं नाव. त्याचं 'सवालख' आणि त्याचं 'सिवालिक' झालं, असं मानणारे अभ्यासक आहेत, आणि मध्ययुगीन फारसी इतिहासकार राजस्थानातल्या नागौरकडच्या मुलखालाही सिवालिक म्हणत. मला हीच बाजू जास्त पटते. तसं असेल तर शिवाथेरियम हे 'सव्वा लाखाचं जनावर' झालं. पण प्राणिशास्त्राच्या नियमाने एकदा रीतसर छापलेलं नाव व्युत्पत्ती चुकली म्हणून रद्द होत नाही.

1837 मध्ये लंडनच्या जिऑलॉजिकल सोसायटीने दोघांना वोलॅस्टन पदक दिलं. आणि शिवाच्या मागून बाकीचे दोघेही आले. खंबातच्या आखातातल्या पिरम बेटावरचे जीवाश्म बॉम्बे इंजिनिअर्सच्या कॅप्टन फुलजेम्सने लंडनला दिले होते. त्यांतल्या जिराफकुळातल्या प्राण्याला फाल्कनरने 1845 मध्ये 'ब्रामाथेरियम' म्हटलं. ब्रह्मदेवातला 'ह' तेव्हा गळाला तो गळालाच, कारण मूळ स्पेलिंग बदलता येत नाही. मग 1876 मध्ये भूवैज्ञानिक सर्वेक्षणातल्या रिचर्ड लिडेकरने ब्रह्मदेशातल्या इरावतीकाठच्या जीवाश्माला 'विष्णुथेरियम' करून त्रिमूर्ती पुरी केली. नावापुरती पुरी, कारण विष्णूच्या वाट्याला पुरावा अगदीच तुटपुंजा आला.

शिवाथेरियमच्या वाट्याला एक खोटी कीर्तीही आली. इराकमधल्या किश इथे रथाच्या लगामाची एक धातूची कडी सापडली होती, तिच्यावर शिंगवाल्या प्राण्याची छोटी मूर्ती. हा शिवाथेरियमच, म्हणजे तो सुमेरी लोकांच्या काळापर्यंत जिवंत होता, असं अमेरिकन पुराजीवशास्त्रज्ञ एडविन कोल्बर्टने 1936 मध्ये सुचवलं. पुढे त्या मूर्तीच्या शिंगांचे तुटलेले तुकडे संग्रहालयाच्या कोठारातच मिळाले. ते जोडून पाहिल्यावर ते हरीण निघालं. जुना दावा मात्र अजून फिरत असतो.

नाव ठेवण्याची ही हौस इतरत्रही होती. इजिप्तच्या फायूममधल्या शिंगाड्या प्राण्याला टॉलेमी घराण्यातल्या अर्सिनोए राणीचं नाव मिळालं: अर्सिनोइथेरियम. अमेरिकेत ऑथनिएल मार्शने 1873 मध्ये ब्राँटोथेरियम म्हणजे 'मेघगर्जनेचं जनावर' हे नाव दिलं. तिथले मूळ रहिवासी अशी हाडं वादळाशी जोडत असत, असं त्यामागे सांगतात. बिजली की हाड इथेही आणि तिथेही, याचं नवल वाटू नये. मोठा पाऊस झाला की माती वाहून जाते आणि हाडं उघडी पडतात. वीज पडली आणि हाड दिसलं, असा क्रम लोकांनी प्रत्यक्ष पाहिलेला असतो.

सगळ्यात घोळ झाला तो बलुचिस्तानात. डेरा बुग्टीच्या परिसरात क्लाइव्ह फॉर्स्टर-कूपरला गेंड्याच्या कुळातल्या एका महाकाय बिनशिंगी प्राण्याची हाडं मिळाली. 1911 मध्ये एका जीवाश्माला त्याने पॅरासेराथेरियम म्हटलं, म्हणजे साधारण 'बिनशिंग्या जनावराच्या जवळचं'. 1913 मध्ये आणखी मोठ्या हाडांना थॉमॅस्टोथेरियम, 'नवलाचं जनावर'. पण ते नाव 1908 मध्येच एका ढेकणाच्या जातवाल्या किड्याला दिलेलं निघालं! मग त्याच वर्षी बदलून केलं बलुचिथेरियम. तिकडे रशियनांनी आपल्या लोककथेतल्या इंद्रिक नावाच्या श्वापदावरून इंड्रिकोथेरियम काढलं. आज बहुतेक तज्ज्ञ ही सगळी नावं पॅरासेराथेरियममध्ये जमा करतात. खांद्यापाशी साडेचार मीटरच्या वर उंच, जमिनीवरच्या सर्वांत मोठ्या सस्तन प्राण्यांपैकी एक, आणि त्याच्या शेपटीचा भागीदार एक किडा.

आता 'थेरिया' या शब्दाकडे. तो याच थेरिऑनचा, पण काम वेगळं. 'थेरियम' ही नावाची शेपटी, तर 'थेरिया' हा वर्गीकरणातला गट: वार असलेले आणि पोटाला पिशवी असलेले सस्तन प्राणी त्यात येतात, अंडी घालणारा प्लॅटिपस येत नाही. त्यामुळे नावात थेरियम असलेला प्राणी थेरियात असेलच असं नाही. याचं उत्तम उदाहरण आपल्याच कातळात आहे.

दख्खनचे लाव्हा एकावर एक थरांनी पसरले. दोन थरांमधल्या उसंतीत तळी साचली, गाळ बसला, आणि पुढच्या लाव्ह्याने तो झाकून टाकला. तेलंगणातलं नसकल हे गाव अशा मधल्या गाळासाठी पुराजीवशास्त्रात प्रसिद्ध आहे. तिथे आणि दख्खनच्या इतर अशाच थरांत, डायनोसॉर संपायच्या सुमाराचे काही सुटे दात मिळाले. उंच माथ्याचे, झीज सोसणारे, खरखरीत झाडपाला चावायला योग्य. 2007 मध्ये दोन वेगवेगळ्या गटांनी त्यांना नावं दिली. एका गटाने 'भारतथेरियम', दुसऱ्याने 'दक्षिणा'. प्राणी एकच निघाला, आणि आधी छापलेलं नाव टिकलं. दक्षिणा हे नाव जास्त देखणं होतं, पण इथे तारीख बघतात.

हा प्राणी थेरियात मोडत नाही. तो गोंडवानाथेर नावाच्या, आता पूर्ण संपलेल्या शाखेतला. त्याच्या जातीचं विशेषण 'बोनापार्टी' हे नेपोलियनवरून नसून अर्जेंटिनाचे पुराजीवशास्त्रज्ञ होसे बोनापार्टे यांच्यावरून घेतलं आहे. मेगाथेरियम जिथून आलं तो हाच देश. मेगाथेरियमचा मात्र अख्खा सांगाडा माद्रिदला पोचला होता. भारतथेरियमचं सगळं वर्णन उभं आहे ते मुठीत मावतील अशा आठ सुट्या दातांवर, एक पटाशीचा आणि सात दाढांचे.