चूशिंगुरा (मूकपट)

चूशिंगुरा : सत्तेचाळीस रोनिनांच्या सूडकथेवरील जपानी मूकपट. दिग्दर्शक माकिनो शोझो (१८७८–१९२९). निर्मिती क्योतोच्या योकोता कंपनीची. स्वामी गमावलेल्या सामुराईला रोनिन म्हणतात.

१७०१ मध्ये आको या संस्थानाचा सरदार असानो याने एदोच्या (आजचे टोक्यो) किल्ल्यात किरा या दरबारी अधिकाऱ्यावर शस्त्र उपसले. त्याच दिवशी असानोला पोट चिरून मरण पत्करावे लागले (सेप्पुकू). पुढे असानोचा प्रमुख सेवक ओइशी कुरानोसुके याच्या नेतृत्वाखाली असानोच्या सेवकांनी किराचा शिरच्छेद केला. या सूडाचे साल कोठे १७०२, तर कोठे १७०३ आढळते. जपानी पंचांगाप्रमाणे ती गेनरोकू या कालखंडाच्या १५ व्या वर्षाच्या बाराव्या महिन्यातील घटना. ग्रेगोरियन गणनेने जानेवारी १७०३ ची अखेर येते. ‘चूशिंगुरा’ हे नाव मात्र १७४८ च्या बाहुलीनाट्यातून रूढ झाले. त्यात सरकारी बंदीमुळे काळ आणि नावे बदललेली होती; मूकपटात मूळ नावे आहेत.

मूकपटाचा काळ वादग्रस्त आहे. सामान्यतः १९१० दिले जाते, क्वचित १९१२. योकोता कंपनी १९१२ मध्ये निक्कात्सू या चित्रपट कंपनीत विलीन झाली, तेव्हा निर्मिती तिचीच मानल्यास चित्रपट त्यापूर्वीचा ठरतो. तथापि माकिनो आणि नट ओनोए मात्सुनोसुके (१८७५–१९२६) यांनी हे कथानक अनेकदा हाताळले होते. उपलब्ध प्रत निरनिराळ्या वेळी चित्रित केलेल्या भागांची जोडणी असावी, हे मत अधिक ग्राह्य वाटते. जपानच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयानेही पुनरुज्जीवित प्रतीसाठी १९१०–१७ असा काळ दिला आहे.

मात्सुनोसुकेने असानो, ओइशी आणि किराच्या पक्षाचा तलवारबाज शिमिझु इक्काकु अशा तिन्ही भूमिका केल्या आहेत. म्हणजे ज्याच्यासाठी सूड घ्यायचा तो, सूड घेणारा आणि त्याला अडवणारा एकच! नटाच्या लोकप्रियतेपुढे कथेतील संगती दुय्यम मानली जाई. वटारलेल्या डोळ्यांमुळे तो ‘डोळेवाला मात्चान’ म्हणून ओळखला जाई. स्त्रीपार्टी पुरुष नटांकडे होती. कॅमेरा बहुधा रंगमंचासमोरील प्रेक्षकासारखा स्थिर राहतो, प्रवेश लांब चालतात. संवाद आणि निवेदनाचा भार पडद्याशेजारच्या बेन्शीवर (निवेदकावर) असे.

माकिनोने १९२८ मध्ये हाच विषय मोठ्या प्रमाणावर पुन्हा घेतला. संकलन चालू असताना लागलेल्या आगीत त्याच्या निगेटिव्हचा काही भाग जळाला. उरलेल्या भागातून चित्रपट प्रदर्शित झाला.